कायमचा घरमालक

इसोगाई नोरिहिरोला आपल्या धंद्यातलं कुणीच आवडत नसे, आणि ही गोष्ट त्याने कधी लपवूनही ठेवली नाही. दिग्दर्शक गाढव, निर्माते चोर, कॅमेरावाले झोपाळू. तिकीट काढून अंधारात बसणारे प्रेक्षक तर त्याच्या लेखी माणसांत जमाच नव्हते. वीस वर्षं त्याने ह्याच लोकांच्या जिवावर घर चालवलं आणि वीस वर्षं ह्याच लोकांना नावं ठेवली.

तरुणपणी तो तोक्योतल्या एका नावाजलेल्या नाटक मंडळीत होता. रशियन नाटकांत नोकराची, फार तर गावातल्या डॉक्टरची कामं करायचा. पुढे मंडळीत राजकारणावरून फूट पडली. इसोगाईने दोन्ही गटांना मूर्ख म्हटलं, आणि दोन्ही गटांनी मिळून त्याला बाहेर काढलं. फुटीनंतर त्यांचं एकमत झालेली तेवढी एकच गोष्ट. घरात बायको आणि नुकती शाळेत जायला लागलेली मुलगी. अशा वेळी कुणीतरी त्याला गुलाबी सिनेमात काम मिळवून दिलं. तासाभराचे सिनेमे, तीन-चार दिवसांत उरकलेले, एका तिकिटात तीन दाखवायचे. पोस्टरवर अर्धवट कपड्यांतली बाई आणि खाली बटबटीत लाल अक्षरं.

"एवढा हिवाळा काढतो," तो बायकोला म्हणाला. "वसंतात परत नाटक."

वसंत आले आणि गेले. बायकोही आजारी पडून गेली. इसोगाई तिथेच राहिला.

त्याचं नशीब एवढंच, की तिशीतच त्याचा चेहरा पन्नाशीचा दिसायचा. त्यामुळे पलंगावर जायची वेळ त्याच्यावर फारशी आली नाही. तो दाराबाहेरचा माणूस. कधी ऑफिसातला लाळघोट्या साहेब, कधी बायकोने फसवलेला नवरा, कधी देवळातला भिक्षू, पण बहुतेक वेळा घरमालक. विधवा भाडेकरणीच्या दारावर टकटक करायची, फटीतून आत बघायचं, घसा खाकरायचा. कपडेही घरचेच आणायचे. त्याच्या एका तपकिरी स्वेटरने इतकी घरं भाड्याने दिली होती की खऱ्या मालकालाही हेवा वाटावा. सिनेमाच्या श्रेयनामावलीत नाव मात्र तोरिकाई गम्पेई. हे नाव त्याने एका लोणच्याच्या दुकानावरून उचललं होतं.

सत्तरच्या आसपास विद्यापीठांतल्या दंगलींत डोकी फोडून घेतलेली पोरं ह्या धंद्यात दिग्दर्शक म्हणून शिरली. त्यातला एकजण शूटिंगला त्याच्याजवळ येऊन गंभीरपणे म्हणाला, "इसोगाईसाहेब, हा घरमालक म्हणजे खरं तर शासनसंस्था आहे."

"घरमालक आहे. दाराच्या फटीतून बघतो. शासनसंस्था फटीतून बघते का?"

"बघते की!"

"मग तिलाच बोलवा कामाला. मी चहा पिऊन येतो."

शूटिंग मुकंच व्हायचं. आवाज मागाहून स्टुडिओत भरायचा. म्हणून इसोगाई संवाद पाठच करत नसे. कॅमेरा सुरू झाला की ओठ हलवत आकडे मोजायचा. डबिंगच्या वेळी पडद्यावर फक्त स्वतःचे ओठ बघायचे, त्यांत बसतील असे शब्द कोंबायचे आणि घरी जायचं. पुरा झालेला सिनेमा त्याने एकदाही थिएटरात जाऊन पाहिला नाही. त्याच्याबरोबर पुष्कळदा काम केलेली तोमोए नावाची एक नटी होती. रडायचा प्रसंग असला की ती आधीपासूनच भिंतीकडे तोंड करून बसून राहायची.

"कुणासाठी एवढं?" तो तिला म्हणायचा. "खाली बसलेत ते घोरतायत."

"एखादा जागा असेल ना," ती म्हणायची.

"जागा असेल त्याचं लक्ष तुझ्या डोळ्यांकडे नसेल, बाई."

सगळे हसत. तोमोए हसत नसे. पुढे तिने काम सोडलं, आणि तिची जागा घ्यायला आलेली पोरगी रडायच्या प्रसंगात च्युइंगगम चघळायची. ही निदान खरी आहे, असं इसोगाई म्हणाला.

त्याची मुलगी फुमिए पंचविशी ओलांडलेली, वाचनालयात नोकरी करणारी, आईसारखी कमी बोलणारी. बाप काय करतो हे तिला शाळेतल्याच एका पोराने पोस्टर दाखवून कळवलं होतं. त्यावर बापलेकीत कधी शब्द झाला नाही. ती अठराव्या वर्षी वेगळी राहायला गेली, एवढंच. एकोणीसशे अठ्ठ्याऐंशीच्या शरदात ती अचानक घरी आली आणि कोटही न काढता म्हणाली, "बाबा, मी लग्न करतेय. मुलगा पुलांची तपासणी करतो. फुकुझुमी शिगेयुकी. त्याचे वडील उरावाला शाळेत हेडमास्तर आहेत."

"बाप रे. हेडमास्तर."

"त्यांना मी सांगितलंय, तुम्ही माहितीपटांना आवाज देता. प्राणी, नद्या वगैरे."

इसोगाई हसला. "वा! प्राण्यांचंच काम करतो की मी."

"हसू नका. दोन्ही घरांचं जेवण ठरलंय. तुम्ही या, कमी बोला, आणि तो स्वेटर घालू नका."

उरावाच्या त्या जुन्या खानावळीत वाम (ईल) मासा फार चांगला मिळतो. सम्राट अंथरुणाला खिळलेले, रोज बातम्यांत त्यांच्या तब्येतीचे आकडे, त्यामुळे गावोगावच्या जत्रा रद्द झालेल्या आणि लोक हॉटेलातसुद्धा हळू बोलत होते. हेडमास्तर फुकुझुमी ताठ बसले होते. केस पांढरे, चष्मा स्वच्छ, बोलणं मोजकं. त्यांची बायको ताझुको मात्र बोलून घेत होती. आमच्या घराण्यात सगळे शिक्षक, आमच्याकडे टीव्ही फक्त बातम्यांपुरता, आमचा शिगेयुकी लहानपणी पियानो वाजवायचा. इसोगाई मान डोलवत होता आणि मनात म्हणत होता, ह्या बाईला घरात भाडेकरू म्हणूनसुद्धा ठेवू नये.

"आणि आपण म्हणे निवेदन करता?" ताझुकोबाई म्हणाल्या. "ह्यांच्या शाळेत कितीतरी माहितीपट येतात. जरा ऐकवा ना चार वाक्यं!"

"आई, राहू दे," शिगेयुकी म्हणाला. फुमिएची नजर ताटात.

इसोगाईला कमी बोलायचं होतं. पण त्या बाईच्या हनुवटीचा कोन त्याला सहन झाला नाही. त्याने घसा खाकरला आणि आवाज खाली नेला. "नदीचं पाणी बर्फासारखं गार. रावस उलट्या प्रवाहात शिरतो. आज पोचला नाही तर उद्या पोचेल. उद्या नाही तर परवा. त्याला दुसरं कुठं जायचंय?"

"अगबाई, अंगावर काटा आला!" ताझुकोबाई म्हणाल्या.

हेडमास्तरांच्या जेवणाच्या काड्या हवेतच थांबल्या होत्या. त्यांतला माशाचा तुकडा सुटून भातावर पडला. त्यांनी वर पाहिलं, इसोगाईच्या चेहऱ्याकडे, मग त्याच्या स्वेटर नसलेल्या छातीकडे, आणि त्यांचे कान हळूहळू लाल होत गेले.

इसोगाईला क्षणात कळलं. वीस वर्षं ज्या माणसाचा तो तिरस्कार करत आला, तो अंधारातला प्रेक्षक दिवसाउजेडी, टाय लावून, त्याच्या समोर बसला होता.

हात धुवायला तो बाहेर गेला तेव्हा हेडमास्तर मागोमाग आले. दोघे शेजारशेजारच्या नळांवर उभे राहिले.

"आपला आवाज..." हेडमास्तर म्हणाले. "कुठंतरी ऐकल्यासारखा वाटतो."

"शाळेत ऐकला असेल, सर."

"हो. शाळेतच."

"माहितीपटात."

"हो हो. माहितीपटातच." हेडमास्तरांनी धुतलेले हात पुन्हा धुतले.

इसोगाई परतीच्या वाटेवर एकटाच खिदळत होता. असा मासा त्याच्या गळाला कधी लागला नव्हता. आता ती हनुवटी वर करणारी बाई कितीही बोलू दे, नवऱ्याची शेंडी आपल्या हातात आहे, ह्या विचारानेच त्याला त्या रात्री छान झोप लागली.

पण पंधरवडाही गेला नाही आणि फुमिए पुन्हा दारात उभी राहिली.

"काय केलंत तुम्ही तिथं?"

"काय केलं? मासा खाल्ला."

"शिगेयुकीच्या आईचा फोन आला. म्हणे सम्राटांची प्रकृती अशी, आपण शिक्षणक्षेत्रातली माणसं, अशात मंगलकार्य बरं दिसत नाही. पुढे बघू. पुढे म्हणजे कधी, तर ते सांगता येत नाही. मी शिगेयुकीला विचारलं. तो म्हणाला, वडील अडून बसलेत आणि कारण सांगत नाहीत." तिचा आवाज चढला नाही. "त्यांना कळलंय ना बाबा? कुणी सांगितलं?"

सांगणं सोपं होतं. तुझा सासरा माझंच गिऱ्हाईक आहे, म्हणून. पण ते वाक्य मुलीसमोर उच्चारायला त्याची जीभ वळेना. तो फक्त म्हणाला, "मी बघतो."

"तुम्ही काही बघू नका," ती म्हणाली आणि गेली.

इसोगाई संतापला होता. लग्न मोडायचं तर आपण मोडू. तो अंधारातला किडा कोण मोडणार? त्याने डोकं लावलं. हेडमास्तर माणूस स्वतःच्या गावात असलं तिकीट काढणार नाही. उरावाची गाडी थेट उएनोला येते, आणि उएनोला स्टेशनपासून हाकेच्या अंतरावर तसलं थिएटर आहे. शनिवारी शाळा अर्धा दिवस. तो दोन-तीन शनिवार दुपारचा समोरच्या नूडल्सच्या दुकानात बसला. शेवटी एकदा टोपी खाली ओढलेला, पण पाठ तशीच ताठ ठेवलेला एक म्हातारा जिना उतरून आत गेला. इसोगाई त्याच्यामागे गेला. दोन वाक्यं बोलायची, धमकी द्यायची आणि बाहेर यायचं, एवढाच बेत होता.

आत सिगारेट, फिनेल आणि ओल्या कोटांचा वास. विखुरलेली पाच-सहा डोकी, त्यांतली दोन मागे कलंडलेली. पडद्यावर जुनाच सिनेमा लागला होता, आणि नेमका त्यात इसोगाईचा घरमालक जिना चढत होता. तो हेडमास्तरांच्या मागच्या खुर्चीवर बसला. पुढे वाकून कानात बोलणार, इतक्यात त्याला दिसलं की हेडमास्तरांचे ओठ हलतायत.

पडद्यावर घरमालक दाराच्या फटीशी उभा. आत तोमोए, पाठमोरी. घरमालक म्हणाला, "उद्या येतो मी. उद्या नाही तर परवा. मला दुसरं कुठं जायचंय?" आणि पुढच्या खुर्चीवर हेडमास्तर अगदी हळू, अक्षराला अक्षर लावून तेच म्हणाले.

हे वाक्य संहितेत नव्हतंच. शूटिंगला इसोगाईने तिथं आकडे मोजले होते आणि डबिंगला ओठ संपेनात म्हणून तोंडाला येईल ते भरलं होतं. कचरा होता तो. एक माणूस तो कचरा वर्षानुवर्षं जपून होता.

धमकी द्यायची राहूनच गेली. दिवे लागले तेव्हा हेडमास्तर वळले, त्याला बघून पांढरेफटक पडले, पण पळाले नाहीत. बाहेर व्हरांड्यात राखेच्या डब्याशेजारी एक बाक होता. दोघे तिथं बसले.

"तुमच्या बायकोला सांगेन," इसोगाई म्हणाला. सुरुवात कुठून करावी हे त्याला सुचत नव्हतं.

"तिला माहीत आहे." हेडमास्तरांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. "मी शनिवारी घरी नसलो की तिला बरं वाटतं."

"मग लग्नाला का आडवे येता? माझी मुलगी चांगली आहे. ह्या घाणीशी तिचा काही संबंध नाही."

"मुलगी उत्तमच आहे. तुमच्याबद्दल बोलतोय मी. तुम्ही आमच्या घरी याल. नववर्षाला समोर बसून सूप प्याल. मग इथं मला तुमच्याकडे बघता येणार नाही."

इसोगाईला हसावं की थोबाडीत मारावी ते कळेना. "एवढ्यासाठी? तासभर अंधारात बसायला मिळावं म्हणून दोन पोरांचा संसार मोडता? आणि आमचे चाहते म्हणवता!"

"मी तुमचा चाहता नाही," हेडमास्तर शांतपणे म्हणाले. चूक दुरुस्त करताना शिक्षक बोलतात तसं. "नट म्हणून तुम्ही काही खास नाही. पण त्या पडद्यावर बाकी सगळे मजेत असतात, नाही तर मजेत असल्याचं दाखवतात. तुमची एकट्याची नजर... तुम्हाला तिथं असायची लाज वाटत असते. ते बघितलं की मला जरा कमी एकटं वाटतं. इतकंच."

"लाज?" इसोगाई ताडकन उभा राहिला. "तुच्छता म्हणा! मी तुम्हा सगळ्यांना तुच्छ मानतो. तेच दिसतं त्यात."

हेडमास्तरांनी त्याच्याकडे वर पाहिलं. "मला तरी तसं वाटलं नाही," ते म्हणाले.

आत घंटा वाजली, पुढचा सिनेमा सुरू होत होता. हेडमास्तर आत गेले नाहीत. मग इसोगाई पुन्हा बसला आणि म्हणाला, "ठीक आहे. मी येत नाही. लग्नालाही नाही, सणालाही नाही. वाटल्यास मेलो म्हणून सांगा. सिनेमात कितीदा मेलोय, आणखी एकदा."

हेडमास्तरांनी टोपीची कड चाचपली. "तसं असेल तर माझी हरकत नाही," ते म्हणाले.

इसोगाईला वाटलं, आयुष्यात पहिल्यांदा आपण काहीतरी मोठं केलं. नाटकातल्यासारखं. तो त्याच संध्याकाळी फुमिएच्या खोलीवर गेला आणि तिला सगळं सांगितलं. खानावळ, नळ, थिएटर, बाक, कबूल केलेला सौदा. शेवटचं वाक्य तर त्याने आवाज खाली नेऊन, थांबून थांबून म्हटलं.

फुमिए भांडी विसळत होती. तिने नळ बंद केला.

"म्हणजे तुम्ही दोघे म्हातारे तसल्या थिएटरच्या बाहेर बसलात आणि माझ्या लग्नाचा निकाल लावलात."

"अगं, तुझ्यासाठीच..."

"मला विचारलंत? शिगेयुकीला विचारलंत? त्यांना त्यांचा अंधार हवाय आणि तुम्हाला त्यागाचं नाटक करायला मिळालं. शाळेत त्या पोराने पोस्टर दाखवलं तेव्हासुद्धा मला तुमची एवढी किळस आली नव्हती." तिने फडक्याला हात पुसले. "जा तुम्ही आता. खरंच जा."

इसोगाई बाहेर पडला.

पुढे काय झालं ते त्याला फोनवरच कळलं. फुमिएने शिगेयुकीला बसवून सगळं सांगितलं. त्या गरीब पोराने म्हणे एक अख्खं संत्रं सोललं आणि मग विचारलं, "नगर कार्यालय किती वाजता उघडतं?" लग्नाच्या नोंदणीवर साक्षीदार म्हणून वाचनालयातल्या दोन बायकांनी आपापले शिक्के मारले. खानावळ नाही, फोटो नाही, दोन्हीकडच्या बापांना बोलावणं नाही. नोंद झाल्यावर ताझुकोबाई तीन दिवस रडल्या. सम्राट अजून जिवंत होते, पण त्यांच्या तब्येतीचं नाव पुन्हा कुणी काढलं नाही.

त्याच सुमारास इसोगाईला एका सिनेमाच्या डबिंगला बोलावलं होतं. पुन्हा घरमालक. पडद्यावर तुकडा फिरू लागला आणि सवयीने त्याने ओठांकडे बघितलं. मग नजर आपोआप वर गेली. डोळ्यांकडे. ते फटीतून आत बघत नव्हते. ते बाजूला, जमिनीकडे, कुठंतरी पळून जायला वाट शोधत होते. कुणाही अनोळखी माणसाचे असते तर इसोगाईने त्या डोळ्यांना कोणतं नाव दिलं असतं, हे त्याला ठाऊक होतं.

"गम्पेईसाहेब, आवाज!" काचेपलीकडून ध्वनिमुद्रक ओरडला.

"पुन्हा लावा."

पुन्हा लावलं. तो बोलला. "पुन्हा," तोच म्हणाला. आणखी एकदा झाल्यावर काचेमागे हशा पिकला. "घरमालकाला म्हातारपणी कला सुचली!" दिग्दर्शक म्हणाला. इसोगाईने मनापासून, जीव ओतून ते चार शब्द पुन्हा म्हटले, आणि ते आधीच्यापेक्षा वाईट झाले. नाटक मंडळीत करायचा त्या नोकरासारखे. दिग्दर्शकाने पहिलाच टेक घेतला. वीस वर्षं न केलेली गोष्ट एका दुपारी येत नाही, हे इसोगाईला कुणी सांगायची गरज नव्हती. त्याने कोट चढवला आणि गाढवांनो, एवढंच म्हणून तो निघाला. त्या शब्दातही नेहमीचा जोर नव्हता.

जानेवारीत सम्राट गेले. दुकानं दोन दिवस मुकी झाली, मग नवं युग सुरू झालं, आणि लोक पुन्हा मोठ्याने बोलायला लागले. फुमिएचा फोन वसंतात आला. "रविवारी जेवायला या," ती म्हणाली. "तुम्हाला माफ केलंय असं समजू नका. शिगेयुकीने हट्ट धरलाय."

तो गेला. छोटासा फ्लॅट, खिडकीत सुकत टाकलेल्या गाद्या, टेबलावर बांबूच्या कोंबांचा भात. फुमिए त्याच्याशी कामापुरतं बोलली: हे घ्या, ते सरकवा. शिगेयुकीला बियर चढत होती आणि तो मोकळा होत होता. गंजलेल्या पुलाखाली दोरीला लोंबकळून हातोडीने लोखंड कसं ठोकून ऐकायचं, ते त्याने सांगितलं. इसोगाईला ह्या पोरात नावं ठेवण्यासारखं काही सापडेना. त्याने प्रयत्न केला होता.

"तुझे वडील कसे आहेत?" शेवटी त्याने विचारलंच.

"निवृत्त झाले. शनिवार-रविवार घरीच असतात हल्ली. कुठंच जात नाहीत," शिगेयुकी म्हणाला. "आईला नुसता वैताग आलाय."

फुमिएने बापाकडे बघितलं. तिच्या ओठाचा एक कोपरा अगदी किंचित हलला. हसू होतं की तुच्छता, ते त्याला कळलं नाही. त्याने वाडगा पुढे केला.

"भात आहे का अजून?" तो म्हणाला.

"आहे. पण स्वतः उठून घ्या," फुमिए म्हणाली.

इसोगाई उठला.